सावळ्या चेहऱ्याचा इतिहास : नोरा औनोर

2025 च्या एप्रिल महिन्यात एका रात्री माझ्या धाकट्या भावाचा फोन आला. तो आखातात एका इस्पितळात मेंटेनन्सच्या कामाला आहे. आम्हा कोकणी मुसलमानांच्या घरांत कुणी ना कुणी तिकडे असतोच, आणि अशा फोनांचे विषयही ठरलेले असतात. अम्मीची शुगर किती, पैसे पोचले का, पावसाआधी छप्पर शाकारलं का. त्या रात्री मात्र तो म्हणाला, "आपा, आज आमच्याकडच्या सगळ्या फिलिपिनो सिस्टर रडतायत. त्यांची कुणी हिरॉइन गेली म्हणे. ड्युटीवर डोळे पुसत फिरतायत."

त्याने पाठवलेला फोटो मी पाहिला. ठेंगणी, सावळी बाई. नाक बसकं, ओठ जाड, डोळे मात्र मोठे आणि स्थिर. आपण जिला हिरॉइन म्हणतो तशी ती अजिबात दिसत नव्हती. आमच्या मोहल्ल्यात मासे विकायला येणाऱ्या बायकांमध्ये ती सहज खपून गेली असती. तिचं नाव नोरा औनोर. 16 एप्रिल 2025 रोजी, 71 व्या वर्षी तिचं निधन झालं आणि तिच्या देशाने तिला मनिलातल्या वीरांच्या कब्रस्तानात सरकारी इतमामात दफन केलं.

शाळेला सुट्टी लागली तेव्हा मी तिचे सिनेमे शोधून पाहायला लागले. कुतूहल एवढंच होतं, की जी बाई आपल्या कल्पनेतली नटी नाही, ती एका देशाची सर्वांत मोठी नटी कशी झाली? उत्तर शोधता शोधता मी फिलिपिन्सच्या इतिहासात शिरले, आणि शेवटी जिथे पोचले तिथे मुसलमान होते. म्हणून हा लेख.

आधी थोडं भाषेबद्दल, मी भाषेची शिक्षिका असल्यामुळे. फिलिपिन्सच्या टागालोग भाषेत शिक्षकाला 'गुरो' म्हणतात, गरीब-दुःखी माणसाला 'दुखा' म्हणतात आणि चेहऱ्याला 'मुखा'. गुरू, दुःख, मुख. संस्कृतातले हे शब्द व्यापाराच्या गलबतांबरोबर शेकडो वर्षांपूर्वी तिकडे गेले आणि तिथलेच झाले. नोराची गोष्ट या 'मुखा'पासूनच सुरू होते.

फिलिपिन्सवर 1565 पासून 1898 पर्यंत स्पेनचं राज्य होतं. त्यानंतर 1946 पर्यंत अमेरिकेचं, मधली तीन वर्षं जपानचं. इतकी शतकं गोऱ्या मालकाखाली काढल्यावर माणूस आरशात स्वतःकडे कसं बघायला लागतो, हे आपल्याला वेगळं सांगायला नको. तिथल्या पडद्यावर नायिका म्हणजे 'मेस्तिसा', स्पॅनिश किंवा अमेरिकन रक्ताची, उंच, गोरी, टोकदार नाकाची. सावळ्या मुलींसाठी मोलकरणीच्या भूमिका होत्या, नाहीतर विनोदी.

नोरा विल्यामायोर ही 21 मे 1953 रोजी बिकोल प्रांतातल्या इरिगा गावात जन्मली. घरची गरिबी इतकी की लहानपणी ती रेल्वे स्टेशनवर गाड्यांतल्या उतारूंना थंड पाणी विकायची. पण गळ्यात आवाज होता, खर्जातला, भरदार. गाण्याच्या स्पर्धांमधून ती पुढे आली आणि 1967 मध्ये 'तावाग नांग तांघालान' या देशभर गाजणाऱ्या स्पर्धेची विजेती ठरली. औनोर हे आडनाव तिला सांभाळणाऱ्या मावशीच्या सासरचं. त्याच वर्षी सांपागिता पिक्चर्स या मोठ्या कंपनीने तिला करारावर घेतलं, सुरुवातीला गाणारी मुलगी म्हणून छोट्या कामांसाठी.

पुढे जे झालं त्याची कंपनीलाही कल्पना नसावी. मोलकरणी, कारखान्यातल्या मुली, फेरीवाले थिएटरांवर तुटून पडले. पडद्यावर पहिल्यांदा त्यांच्यातलीच कुणी प्रेम करत होती, रुसत होती आणि शेवटी तिलाच नायक मिळत होता. तिर्सो क्रूझ या गोऱ्या, देखण्या नटाबरोबरची तिची जोडी तर अशी गाजली की त्यांच्या नावाने 'लेक' म्हणून एक बाहुली मानली गेली आणि चाहते त्या बाहुलीचेही लाड करत. लोक नोराला 'आते' म्हणत, म्हणजे थोरली बहीण, आपल्या 'आपा'सारखं. तिचे चाहते 'नोरानियन' आणि विल्मा सांतोस या तिच्या स्पर्धक नटीचे 'विल्मानियन'. या दोन पक्षांची भांडणं काही दशकं चालली.

इथे मला एक गोष्ट कबूल करायची आहे. काही वर्षांपूर्वी आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात एक नाटुकलं बसवायचं होतं. सातवीतल्या एका मुलीचा आवाज फार गोड होता, पण ती काळी आणि किडकिडीत. मी काय केलं? तिला पडद्यामागे उभी करून गायला लावलं आणि पुढे एका गोऱ्यागोमट्या मुलीला ओठ हलवायला. टाळ्या पडल्या, पालक खूश झाले. त्या मुलीने एक शब्दही काढला नाही. पुढच्या वर्षी मात्र ती गाण्यासाठी नाव द्यायला आली नाही. नोराबद्दल वाचताना मला तीच आठवत राहिली. मनिलाच्या स्टुडिओवाल्यांना ज्या नजरेबद्दल मी नावं ठेवायला निघाले होते, ती माझ्याही डोळ्यांत होती.

लोकप्रियतेवर भागवून घेतलं असतं तरी नोराचं आयुष्य आरामात गेलं असतं. पण तिने स्वतःची 'एन. व्ही. प्रॉडक्शन्स' ही निर्मितीसंस्था काढली आणि अवघड विषयांना हात घातला. काळ कुठला होता तर फर्डिनंड मार्कोसच्या हुकूमशाहीचा. सप्टेंबर 1972 मध्ये त्याने लष्करी कायदा पुकारला होता, वर्तमानपत्रं बंद पाडली होती, विरोधकांना तुरुंगात टाकलं होतं.

1976 या एकाच वर्षातले तिचे दोन सिनेमे पाहा. पहिला मारियो ओहाराचा 'तात्लोंग ताओंग वालांग दियोस', म्हणजे 'देव नसलेली तीन वर्षं'. जपानी ताब्याचा काळ, आणि नोरा गावातली एक शिक्षिका, रोसारिओ. तिचा वाग्दत्त वर गनिमांना मिळायला जंगलात जातो. एक जपानी-फिलिपिनो अधिकारी तिच्यावर बलात्कार करतो आणि नंतर पश्चात्तापाने तिच्या घराचे उंबरे झिजवतो. पोटात मूल, घरात उपासमार, शेवटी ती त्याच्याशीच लग्न करते. युद्ध संपतं आणि जे गाव तिला वाचवायला आलं नव्हतं तेच तिला गद्दार ठरवून शिक्षा द्यायला येतं. आपल्या फाळणीत पळवल्या गेलेल्या आणि पुढे घरच्यांनी परत न घेतलेल्या बायका ज्यांना आठवतात, त्यांना हा सिनेमा परका वाटणार नाही. या भूमिकेसाठी तिला फिलिपिन्सच्या समीक्षकांचा 'गावाद उरियान' पुरस्कार मिळाला. त्या पुरस्काराचं ते पहिलंच वर्ष होतं.

दुसरा 'मिन्साय इसांग गामु-गामो', 'एकेकाळी एक पतंग', दिव्यावर झेप घेणारा तो पतंग. देश स्वतंत्र झाला तरी क्लार्क आणि सुबिक इथे अमेरिकेचे प्रचंड लष्करी तळ होते. या सिनेमात नोरा अमेरिकेला जाण्याची स्वप्नं बघणारी परिचारिका आहे. तिच्या निघण्याच्या तोंडावरच तळाजवळ तिच्या धाकट्या भावाला एका अमेरिकन सैनिकाची गोळी लागते, आणि रानडुक्कर समजून झाडली, असा खुलासा येतो. माझा भाऊ डुक्कर नाही, हे ती ज्या तऱ्हेने ओरडून सांगते ते फिलिपिन्समध्ये आजही लोकांच्या तोंडी आहे. तळ हलायला पुढे सोळा वर्षं लागली. सप्टेंबर 1991 मध्ये तिथल्या सिनेटने करार वाढवून द्यायला नकार दिला आणि 1992 च्या अखेरीस सुबिकचा तळ बंद झाला.

मग 1980 चा 'बोना', दिग्दर्शक लिनो ब्रोका. एका फालतू नटाच्या नादी लागून घर सोडणारी मुलगी, जी झोपडपट्टीत त्याची चाकरी करते, त्याचं आंघोळीचं पाणी तापवते. शेवटी एक दिवस तेच उकळतं पाणी ती त्याच्या अंगावर ओतते. जिच्यासाठी हजारो पोरी वेड्या झाल्या होत्या तिनेच चाहत्याच्या वेडावर सिनेमा काढावा, याचं मला फार अप्रूप वाटलं.

आणि 1982 चा 'हिमाला', म्हणजे 'चमत्कार'. दिग्दर्शक इश्माएल बेर्नाल, लेखक रिकी ली. दुष्काळाने करपलेलं कुपांग गाव. ग्रहणाच्या दिवशी एल्सा नावाच्या मुलीला मरियमचं दर्शन झाल्याचा बोभाटा होतो. आजारी माणसांची रीघ लागते, पाठोपाठ दुकानं, हॉटेलं, पुढारी. दर्ग्याच्या उरुसात किंवा एखाद्या बाबाच्या दरबारात जे आपण बघतो तेच सगळं. मग साथ येते, माणसं मरतात, आणि शेवटी एल्सा हजारो लोकांसमोर उभी राहून सांगते की चमत्कार वगैरे काही नसतो, देवही आपणच घडवतो आणि शापही. गर्दीतून गोळी सुटते. हा सिनेमा मार्कोसच्याच सरकारने स्थापलेल्या संस्थेच्या पैशांतून झाला होता. 1983 मध्ये तो बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता, आणि 2008 मध्ये सी. एन. एन. च्या प्रेक्षकांनी त्याला आशिया-पॅसिफिकमधला आजवरचा सर्वोत्तम सिनेमा म्हणून निवडलं.

नोराची पूजा बांधायचा माझा इरादा नाही. जिने पडद्यावर एल्सा उभी केली तीच 1986 च्या निवडणुकीत मार्कोसच्या बाजूने उभी राहिली आणि तो पळून गेल्यावर लोकांचे बोल तिने ऐकले. पैशाचे, व्यसनाचे, संसाराचे घोटाळे तिच्या आयुष्यात पुष्कळ झाले. 2010 मध्ये एका शस्त्रक्रियेत तिचा गाता गळा गेला, ज्या गळ्यावर ती स्टेशनवरून मनिलाला पोचली होती. 2014 मध्ये 'राष्ट्रीय कलावंत' या सर्वोच्च सन्मानासाठी तिची शिफारस झाली होती, पण राष्ट्राध्यक्ष आकिनोंनी नाव वगळलं. कारण सांगितलं 2005 मधल्या अमेरिकेतल्या अमली पदार्थांच्या प्रकरणाचं, जे पुढे कोर्टाने निकाली काढलेलं होतं. पुढच्या राष्ट्राध्यक्षांच्या काळात एकदा पुन्हा नाव मागे पडलं. अखेर 2022 मध्ये तो सन्मान तिला मिळाला.

आखातातल्या सिस्टर का रडल्या, हे मला 1995 च्या सिनेमाने समजावलं. फ्लोर कोन्तेम्प्लासिओन ही चार मुलांची आई सिंगापुरात मोलकरीण होती. दुसरी एक फिलिपिनो मोलकरीण आणि एक लहान मुलगा यांच्या खुनाबद्दल तिला दोषी ठरवण्यात आलं. ती निर्दोष आहे असं मानणारे फिलिपिन्समध्ये लाखो होते. 17 मार्च 1995 रोजी तिला फाशी झाली. देश पेटला. परराष्ट्रमंत्र्यांना राजीनामा द्यावा लागला आणि त्याच वर्षी परदेशी जाणाऱ्या कामगारांच्या संरक्षणाचा कायदा झाला. काही महिन्यांत सिनेमाही आला आणि त्यात फ्लोर झाली नोरा. कैरोच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात सिनेमाला सुवर्ण पिरॅमिड मिळाला आणि तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार. भावाला हे सांगितलं तेव्हा तो जरा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "आपा, त्यांच्या लोकांनी आपल्या कामवालीवर सिनेमा तरी काढला. आमच्यावर कोण काढणार?" मुंबईच्या विमानतळावर पेटीतून उतरणारे कोकणातले मय्यत ज्यांनी पाहिलेत त्यांना या प्रश्नाचा अर्थ कळेल.

आता मी सुरुवातीला म्हटलं तिथे येते, दक्षिणेतल्या मुसलमानांकडे.

आपल्याला फिलिपिन्स म्हणजे ख्रिस्ती देश एवढंच ठाऊक असतं. पण स्पॅनिश लोक मनिलाला आले तेव्हा तिथे राजा सुलेमान हा मुसलमान राज्य करत होता. दक्षिणेला सुलूची सल्तनत होती. तावी-तावी द्वीपसमूहातल्या सिमुनुल बेटावरची मशीद 1380 मधली, देशातली सर्वांत जुनी मानली जाते. ग्रनाडातल्या मुसलमानांना हरवून आलेल्या स्पॅनिशांनी इथल्या मुसलमानांनाही तेच नाव दिलं, 'मोरो'. शतकानुशतकं ती शिवी होती. पुढे स्वायत्ततेसाठी लढणाऱ्यांनी ती अभिमानाने अंगावर घेतली. मार्कोसच्या काळात फेब्रुवारी 1974 मध्ये होलो हे शहर लढाईत जळून खाक झालं. बांग्सामोरो स्वायत्त प्रदेश अखेर 2019 मध्ये अस्तित्वात आला. देशाच्या लोकसंख्येत मुसलमान साधारण सहा टक्के. पडद्यावर त्यांचं काम बहुधा बंदूकधाऱ्याचं. हेही आपल्याला ओळखीचं.

2012 मध्ये ब्रिलान्ते मेंडोझाने 'दाय वूम्ब' हा सिनेमा तावी-तावीमध्ये जाऊन केला. नोरा तेव्हा 59 वर्षांची, गाता गळा गेलेली. तिची भूमिका शालेहाची, समुद्रात खांबांवर उभ्या घरांत राहणाऱ्या मुसलमान जमातीतल्या दाईची. ती गावातल्या बाळंतिणी सोडवते, चटया विणते, नवऱ्याबरोबर मासेमारीला जाते. स्वतःला मूल नाही. नवऱ्याला मूल हवं म्हणून तीच त्याच्यासाठी दुसरी बायको शोधायला निघते. बेटाबेटांवर स्थळं बघते, मेहर जमवण्यासाठी घरातल्या वस्तू विकते. नवऱ्याची भूमिका बेम्बोल रोकोची. 1976 च्या त्या सिनेमात जंगलात निघून गेलेला वाग्दत्त वर तोच होता. लग्न ठरतं, पण नवी मुलगी अट घालते, की मूल झालं की पहिलीला सोडायचं. शेवटी सवतीचं बाळंतपण शालेहाच करते. बाळाचं रडणं ऐकू येतं, ती नाळ कापते आणि सिनेमा तिच्या चेहऱ्यावर थांबतो. संवाद जवळपास नाहीतच.

हा सिनेमा मी एका बैठकीत पाहू शकले नाही. माझ्या आईची थोरली बहीण, आमची मोठी खाला, तिला मूल नव्हतं. तिने स्वतः नवऱ्याला दुसरी बायको बघून दिली आणि निकाहाच्या आदल्या रात्री नवरीच्या हातांवर मेंदी काढली, असं घरात कौतुकाने सांगितलं जातं. केवढं मोठं मन, असं सगळे म्हणत. मीही म्हणत असे. त्या रात्री खालाचा चेहरा कसा होता, हे कुणी मला कधी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही. खाला आता अल्लाहला प्यारी झाली आहे.

सिनेमाबद्दल माझ्या मनात शंकाही आल्या. दिग्दर्शक बाहेरचा, नटी ख्रिस्ती. जगाने मुसलमान स्त्री पाहायची तर पुन्हा सवतीच्याच गोष्टीत का? एकाहून अधिक निकाहांची परवानगी न्यायाच्या कडक अटीवर आहे, ती अट इथे कुणालाच आठवत नाही. आपल्याकडे या विषयावर 1966 मध्ये हमीद दलवाईंनी सात मुस्लिम महिलांचा मोर्चा मुंबईत विधानभवनावर नेला, तेव्हापासून दोन्ही बाजूंनी घोषणा देऊन झाल्या. पण शालेहा घोषणेत बसत नाही. ती रडून दया मागत नाही, बंडही करत नाही, आणि तिच्या नवऱ्याला सैतान ठरवण्याची सोय सिनेमा आपल्याला देत नाही. तो तिच्यावर प्रेम करतो आणि तरीही तिला सोडतो. आमच्या खालाचे मियाँही भले गृहस्थ होते. अन्याय करायला माणूस वाईट असावाच लागतो असं नाही, हे मी पंचेचाळिशीला आल्यावर एका परक्या भाषेतल्या सिनेमाकडून शिकले.

हा सिनेमा व्हेनिसच्या स्पर्धेत गेला. नोराला 2012 मध्ये आशिया पॅसिफिक स्क्रीन अवॉर्ड आणि 2013 मध्ये हाँगकाँगला एशियन फिल्म अवॉर्ड मिळालं. पण त्या डिसेंबरात मनिलाच्या थिएटरांत तो लागला तेव्हा खुर्च्या रिकाम्या होत्या. ज्या लोकांनी सावळी नोरा आपली म्हणून उचलून धरली होती, त्यांच्यातले फारसे कुणी मुसलमान नोराला बघायला आले नाहीत.

मी भावाला म्हटलं, तुझ्या त्या सिस्टरांना विचार, हा सिनेमा पाहिलाय का. एकीनेही पाहिला नव्हता. सगळ्या उत्तरेकडच्या, दक्षिणेकडे कधी गेलेल्या नाहीत, घरचे म्हणायचे तिकडे धोका असतो. पण त्यांच्यातली एक, सर्वांत वयस्क, तिने सुट्टीच्या दिवशी मोबाईलवर पाहिला. दुसऱ्या दिवशी तिने भावाला विचारलं, की निकाहात ती मेहरची रक्कम खरंच बायकोची असते का, आणि आमच्या देशात 1380 ची मशीद आहे हे तुला कसं ठाऊक?

त्याने सांगितलं, माझी बहीण शिक्षिका आहे. ती म्हणाली, "आह, गुरो!"

जूनमध्ये शाळा सुरू झाल्यावर मी त्या मुलीची चौकशी केली. ती आता तालुक्याच्या कॉलेजात अकरावीला आहे. गाते की नाही, ते तिच्या मैत्रिणीला ठाऊक नव्हतं. मी तिच्या घरी जाणार आहे.